सहा वेशींचा आठवडा

"सहा दिवसांचा आठवडा? मग सातवा कुठं घातलास रे, माझ्या रंगाच्या काहिलीत?"

"अक्का, सातवा नाहीच आहे. त्या जगात आठवडाच सहाचा."

"न्हाई म्हंजे? आयतवार न्हाई?"

"नाही."

"शुक्रवार? देवीचा?"

"अहो, तिथे ही देवीच नाही अक्का, तिथे वेगळं—"

"अय्यो! देवी न्हाई, आयतवार न्हाई. अंघोळीचा दिवस तरी हाय का त्या राज्यात, का तिथले लोकबी तुमच्या दोघांसारखेच?"

सकवारबाई रेशमाची ओली लडी दांडीवर पिळत होती आणि तनय जिन्याच्या शेवटच्या पायरीवर गुंडाळलेला मोठा कागद घेऊन उभा होता. लडीतलं लाल पाणी त्याच्या पांढऱ्या बुटांवर उडालं. बाईनं बघितलं, पण हात काही थांबवला नाही. रंगाऱ्याच्या अंगणात पांढरे बूट घालून येणाऱ्याला ती आंधळा समजायची.

कब्बनपेटेतलं हे घर रंगाऱ्यांचं. तीनशे वर्षांमागं मराठ्यांच्या फौजेच्या मागून कुणी तंबू शिवणारा आला, कुणी कापड रंगवणारा आला, त्यातल्या कुणाच्या तरी पोटची ही माणसं. बेंगळुरू त्यांच्या डोळ्यांदेखत गावाचं शहर झालं, तरी घरात मराठीच. ती मराठी पुण्याच्या पोरांना ऐकायला गंमत वाटायची. पहिल्याच दिवशी तनय तिला "काकू" म्हणाला होता. "काकू कुणाची? तुझ्या बापाच्या भावाची बायको हाय का मी? अक्का म्हण," असं तिनं त्याला तिथंच सरळ केलं. बोलणं कसं असावं हे पुण्याला विचारायची त्या घराला गरज नव्हती.

तनय आणि अजित वरच्या खोलीत भाड्यानं राहायचे. दोघेही इंदिरानगरला एका ऑफिसात कॉम्प्युटरवर कसलीशी बँकेची कामं करत आणि घरी आले की रात्रभर आपला स्वतःचा खेळ रचत. कॉम्प्युटरवर खेळायचा खेळ. त्यात एक राज्य होतं. तनयनं त्या राज्याला डोंगर दिले, नदी दिली, सहा वेशींचं शहर दिलं आणि मग त्याच्या डोक्यात आलं की यांना आपली कालगणना पाहिजे. रोज एक वेस उघडायची, बाकीच्या बंद. ज्या दिवशी जी वेस उघडी, तेच त्या दिवसाचं नाव. लोहवेस, मीठवेस, वाघवेस, सोनवेस, धूळवेस, राखवेस. पुन्हा लोहवेस. अजित तिकडं राक्षसांना हातपाय फुटवत बसायचा आणि हा दिवसांना नावं देत बसायचा.

"नावं चांगली हायत," सकवारबाई म्हणाली. "पर मला कशाला सांगतोस? मला काम हाय."

"कारण यात तुमचा फायदा आहे अक्का. पाण्याचा."

पाणी म्हटल्यावर बाईचे हात थांबले.

पाणी ही त्या घरातली एकच गोष्ट अशी, की जिच्यापायी भांडण झालं नाही असा दिवस सापडायचा नाही. नळाला कावेरीचं पाणी एक दिवसाआड यायचं, तेही पहाटे. अंगणातल्या खड्ड्यात उतरून कॉक उघडायचा, मोटार लावायची आणि जमिनीखालची टाकी भरून घ्यायची. एक पहाट चुकली की पुढचे दिवस कोरडे. आणि रंगकामाला पाणी लागतं ते किती, हे रंगाऱ्याशिवाय कुणाला कळायचं नाही. कच्चं रेशीम साबणाच्या पाण्यात उकळून त्याचा डिंक काढा, मग धुवा, मग रंगवा, मग परत परत धुवा. त्यातही बोअरचं चालत नाही. बोअरचं पाणी जड, त्यात साबणाला फेस धरत नाही, रंग उठत नाही. कावेरीच पाहिजे.

बाईचा गुडघा धरलेला. नवरा विठोजी पीण्या भागातल्या कारखान्यात पहिल्या पाळीला, तो अंधारातच घर सोडायचा. म्हणून खोली देतानाच तिनं पोरांना बजावलं होतं की पाण्याच्या पहाटे तुमच्यातल्या एकानं उठायचं. पोरं हो म्हणाली आणि घोळ सुरू झाला. आज सोमवारी पाणी आलं तर मग बुधवारी, शुक्रवारी, रविवारी. आणि पुढच्या आठवड्यात मंगळवारी, गुरुवारी, शनिवारी. आठवडा पालटला की पाण्याचे वार पालटले. "आज आहे की उद्या?" "काल होतं ना?" "काल तू उठलास की परवा?" असा जिन्यावरून खाली-वर आरडाओरडा चालायचा. सकवारबाई बोटांवर मोजून सांगायची आणि सांगून सांगून तिचं तोंड दुखायचं.

"सात हा विषम आकडा आहे ना, म्हणून गोंधळ होतो," तनय कागद उलगडत म्हणाला. "आमचा आठवडा सहाचा. सम. म्हणजे पाणी कायम त्याच वारांना. मीठवेस, सोनवेस, राखवेस. संपला विषय. मीठवेस मी उठणार, सोनवेस अजित, राखवेस मी, असं आलटून पालटून."

बाईनं कागदाकडं बघितलं. रंगीत खडूंनी सहा वेशी काढल्या होत्या, खाली चौकटी, पाण्याच्या चौकटींत निळा थेंब. तिनं मनातल्या मनात दोन आठवडे चालवून बघितले. मग तिसरा. बरोबर येत होतं.

"सरी," ती कानडी होकार देत म्हणाली. "चिकटव जिन्यापाशी. पर माझ्या देवाच्या कॅलेंडराला हात लावायचा न्हाई."

संक्रांतीच्या सुमाराला तो कागद भिंतीवर लागला आणि खरं सांगायचं तर त्यानं काम केलं. एकही पहाट चुकली नाही. सकवारबाई दुकानात, देवळात बोलताना "उद्या सोनवेस हाय, मला लवकर जायाला पाहिजे" म्हणू लागली आणि ऐकणाऱ्या बायका तिच्या तोंडाकडं बघू लागल्या. विठोजी मात्र त्या कागदापुढून जाताना नाक मुरडायचा.

"माणूस सोम-मंगळ इसरला की संपलं," तो म्हणाला.

"तुमी पाण्यात तोंड घालू नका," बाईनं फटकारलं. "इतकी वर्षं कारखान्याला पळालात, एक पहाट तरी कॉक उघडला का? पोरं करत हायत ते करू द्या."

विठोजीनं डबा उचलला आणि तो गप्प निघून गेला. गप्प बसायचं म्हटलं की तो मनापासून बसायचा.

उगादी झाली. लग्नसराई आली. मागोमाग ऊन आलं आणि नरसिंहराव आला.

नरसिंहराव त्याच पेठेतला मागवाला. गल्लीच्या टोकाला त्याचे माग रात्रंदिवस खडखडायचे. त्याच्या बापाचं रेशीम सकवारबाईची सासू रंगवायची. कुठल्याशा मोठ्या घरच्या लग्नाच्या साड्या त्याच्याकडं आल्या होत्या, सगळ्या एकाच लालाच्या. अर्धं रेशीम बाईनं रंगवून दिलं, ते मागावर चढलंसुद्धा. उरलेलं अर्धं कच्चं तिच्याकडं पडून होतं.

"अक्का, लाल तोच पाहिजे हां," नरसिंहराव उंबऱ्यातून म्हणाला. "एका साडीत दोन लाल दिसले तर ते लोक मला दारात उभं करणार न्हाईत."

"आजवर दोन लाल दिले का तुला अण्णा?"

"न्हाई दिले. म्हणूनच येतो. न्हाईतर होसकोट्याला नवी रंगशाळा झालीय, त्यांचा माणूस रोज येऊन बसतो माझ्याकडं. मशीनवर रंगवतात. आज टाकलं की उद्या हातात. त्यांचं पाणीबी मशीनमधनं गाळून येतं म्हणे."

"जा की मग."

"जाईन ना. एकदा लाल चुकू दे," तो हसत म्हणाला.

हसत म्हणाला तरी बाईला ते लागलं. त्या पेठेतल्या एकेका मागवाल्याचं रेशीम होसकोट्याला चाललेलं तिला दिसत होतं. नरसिंहराव गेला तर काहिलीखाली जाळ घालायचं कारणच उरणार नव्हतं. तेवढी एक गोष्ट तिला पक्की ठाऊक होती.

उरलेलं रेशीम रंगवायचं ते मीठवेसेला, असं तिनं ठरवलं. त्या दिवशी पहाटे ताजं पाणी भरलं जाईल आणि आपण चिकपेटेतून रंग आणून काहील चढवू. भिंतीवर थेंब होता. तिनं बोटांवर मोजलं नाही. मोजायची सवयच गेली होती.

मीठवेसेच्या पहाटे अजित उठला. त्यानं कॉक उघडला तर नळातून नुसती हवा. फुस्स. तो थोडा वेळ तिथंच उकिडवा बसला. मग टाकीचं झाकण उचलून बघितलं तर तळाला हातभर गाळ. तेवढ्यात शेजारची बाई भरलेल्या घागरीतून तुळशीला पाणी घालताना दिसली.

"आंटी, आज पाणी नाही आलं?" त्यानं विचारलं.

"आजचं कसं येईल? काल आलं होतं," ती म्हणाली. "तुमच्या दारात तर कुणी उठलंच न्हाई."

अजितनं वर जाऊन तनयची चादर ओढली. दोघे कागदापुढं उभे राहिले. तनय बघत राहिला, बघत राहिला आणि एकदम त्याचा चेहरा उतरला.

"मुका दिवस," तो म्हणाला.

झालं होतं ते असं. तनयच्या राज्यात ऋतू संपला की एक दिवस यायचा, ज्याला वेस नाही. त्या दिवशी सहाही वेशी बंद. बाजार नाही, तंटा नाही, कुणी मोठ्यानं बोलायचं नाही. हा मुका दिवस कुठल्याच आठवड्यात धरायचा नाही, राखवेस झाली की मुका दिवस आणि मग नवी लोहवेस. सूर्याचा हिशेब जुळवायला तो लागतो, असं त्याचं म्हणणं. या ऋतूचा मुका दिवस परवाच येऊन गेला होता. कागदावर त्याला सुंदर काळी पट्टी होती. त्या राज्यातल्या वेशी एक दिवस थांबल्या, पण कावेरी थांबली नाही. पाणी लोहवेसेला येऊन गेलं आणि ही दोघं घोरत पडली होती.

"आता?" अजित म्हणाला.

"अक्का कुठे आहेत?"

"देवळात गेल्यात, तिथून चिकपेटेत. रंग आणायला."

इथं त्यांनी सरळ जाऊन बाईला सांगायचं होतं. दोन शिव्या बसल्या असत्या, चहा बंद झाला असता, काम दोन दिवस पुढं गेलं असतं. पण बाईच्या तोंडाला ती दोघं इतकी भ्याली होती की त्यांनी टॅंकर बोलावला. बोअरच्या पाण्याचा. टाकी काठोकाठ भरली, झाकण लावलं, अंगण पुसून घेतलं आणि ऑफिसला पळाली. पाण्यात पाणी काय, असं त्यांना वाटलं असेल.

सकवारबाई आली. टाकी भरलेली बघून खूश झाली. काहील चढवली, साबण टाकला, रेशीम सोडलं. फेस येईना. तिनं आणखी साबण टाकला. फेसाऐवजी वर पांढरट साय धरली.

"मेल्यानं साबणात माती घातली," ती दुकानदारावर करवादली. आणखी एक वडी किसून टाकली.

तिथं तिनं थांबायला पाहिजे होतं. हे ती नंतर स्वतःच्या तोंडानं म्हणाली. पण नरसिंहरावाचं रेशीम, होसकोट्याचा माणूस, डोक्यावर ऊन. हात पुढं पळत राहिले. धुतलं, लालात बुडवलं, दांडी फिरवली, फिरवली, आणि वर काढून बघितलं तर लडी जुन्या कौलासारखी. मधेमधे ठिपके. आधीचा लाल कुंकवासारखा होता, आणि हा असा, पावसात विटलेल्या कौलाचा.

तिनं टाकीतलं पाणी ओंजळीत घेऊन जिभेवर टाकलं आणि थुंकलं.

विठोजी दुपारी पाळी संपवून आला तेव्हा ती काहिलीशेजारी पाय पसरून बसली होती.

"बोअरचं हाय," ती म्हणाली. "माझ्या टाकीत बोअरचं पाणी हाय. कुणी घातलं?"

"काल पहाटे नळ गुरगुरत होता," विठोजी डबा ठेवत म्हणाला. "मी निघालो तवा. पाणी आलं होतं काल."

"काल? मग बोलला का न्हाई तुमी?"

"तूच म्हणालीस, पाण्यात तोंड घालू नका."

बाईनं हातातली दांडी त्याच्या दिशेनं उचलली आणि मग खाली टाकली. त्याच्यावर ओरडण्यात वेळ घालवावा इतका वेळही नव्हता. वाण्याच्या फोनवरून तिनं इंदिरानगरच्या ऑफिसात फोन लावला आणि पलीकडच्या मुलीला इतकंच सांगितलं, "त्या दोघांना सांग, घर जळतंय."

दोघं ऑटो करून, धापा टाकत आली. घर जळत नव्हतं. बाई जळत होती.

"बोल."

तनयनं सांगायला सुरुवात केली. वेशी, ऋतू, सूर्य, मुका दिवस. अजितनं त्याला कोपरानं ढोसलं, पण सांगायला लागला की तनयला थांबता यायचं नाही.

"म्हंजे त्या दिवसाला वार न्हाई?"

"नाही. तो आठवड्याच्या बाहेर—"

"कावेरीला सांगितलं होतंस का हे? नळाला सांगितलंस? का ते बेंगळुरूच्या पाणीखात्याचं चुकलं, तुझ्या राजानं वेस लावली तरी त्यांनी पाणी सोडलं?"

"अक्का, सॉरी. मी दर ऋतूला थेंब एक वेस अलीकडे सरकवायला हवे होते. साधं करेक्शन होतं, राहून गेलं."

"अन् टॅंकर? तेबी राहून गेलं सांगायचं?"

दोघंही खाली बघू लागली. विठोजी बिडी ओढत म्हणाला, "एक दिवस मुका होता, तो हे दोघं अजून पाळतायत." बाईनं त्याच्याकडं असं बघितलं की त्यानं बिडी विझवली.

तेवढ्यात नरसिंहराव दारात. त्याला बोलवावं लागलं नाही. पेठेत टॅंकर शिरला की सगळ्यांना कळतं. आत येऊन त्यानं लडी हातात घेतली, उजेडात नेली, खिशातून मागावरच्या लालाचा तुकडा काढून शेजारी धरला.

"हे न्हाई चालणार अक्का."

"ठाऊक हाय. पाणी बदललं. माझ्या घरात बदललं, चूक माझी. साबण फसला तवाच मी थांबायला पाहिजे होतं." तिनं पोरांचं नाव घेतलं नाही. पोरांचं नाव घेऊन नरसिंहरावाचा लाल काही परत येणार नव्हता. "हे मी गडद वांगी करून देते. दुसऱ्या साड्यांच्या काठाला चालेल तुला. तुझ्याकडं कच्चं अजून हाय, ते दे. परवा सकाळी लाल घेऊन जा."

"परवा सकाळी माझा माग थांबतो. त्याच्या आत न्हाई आलं तर मी होसकोट्याला देणार. त्यांनी तुकडा बघितलाय, जुळवतो म्हणालेत."

"सरी."

"खरंच देणार हां अक्का. मग रागावू नका."

"परवा ये की. आत्तापासनं कशाला रडतोस?"

कच्चं रेशीम तासाभरात आलं. मग काम लागलं ते वेगळंच. उद्या पहाटे कावेरी यायची, पण टाकी काठोकाठ बोअरनं भरलेली. ती उपसल्याशिवाय नवं पाणी घेणार कशात? मोटारीनं उपसावं तर नेमकी वीज गेली. मग तनय टाकीच्या तोंडाशी पोटावर पडून बादली सोडतोय, अजित उचलून दारापर्यंत नेतोय, आणि शेजारणी धुण्याला, फरशीला, गाईला ते पाणी घेऊन जातायत. फुकटचं पाणी म्हणून गल्ली गोळा झाली.

"बुटं काढा रे," सकवारबाई वरून ओरडली. "टाकीत बुटं घालून उतरतोस? ते काय तुझं राज्य हाय?"

"अक्का, मी तो मुका दिवस काढून टाकतो," तनय टाकीतून म्हणाला. त्याचा आवाज घुमत वर आला. "म्हणजे मग कधीच प्रॉब्लेम येणार नाही. फक्त सूर्य दरवर्षी चार-पाच दिवस मागे पडेल, त्याला काहीतरी—"

"तन्या, गप ना रे," अजित म्हणाला.

"तुझ्या राज्यात ठेव तो दिवस," बाई म्हणाली. "तिथं लोकांना गप बसायला एक दिवस मिळतोय, तो कशाला काढतोस? माझ्या भिंतीवरनं तेवढे थेंब काढ. सुम्ने, उगाच त्रास."

अंधार पडायच्या आत तळ दिसला. गाळही निघाला, अनेक वर्षांचा. विठोजी म्हणाला, एवढं तरी बरं झालं.

पहाटे तिघंही अंगणात होती. बाई पायरीवर गुडघा चोळत, पोरं कॉकच्या खड्ड्यापाशी. आज पाणी येणार हे शेजारणीनं सांगितलं होतं, विठोजीनं सांगितलं होतं, तनयनं कागदावर तीनदा मांडून दाखवलं होतं. तरी बाईचा आता कुणावरच भरवसा उरला नव्हता, स्वतःच्या बोटांवरसुद्धा. विठोजी डबा घेऊन निघताना क्षणभर थांबला, नळाला कान लावला आणि म्हणाला, "येतंय." मग गेला. पाणी आलं. आधी गढूळ, मग स्वच्छ. तिनं ओंजळीत घेऊन प्यायलं आणि मगच मोटार लावू दिली.

साबण त्याच दुकानातला होता. फेस काहिलीच्या काठावरून उतू गेला. "मेल्यानं माती घातली न्हवती," ती स्वतःशीच म्हणाली आणि आणखी चिडली, कारण काल तिनं दुकानदाराला चार शेजारणींना ऐकू जाईल अशी नावं ठेवली होती. दिवसभर ती उभीच होती. पोरांनी ऑफिस बुडवलं. लाकडं आणली, दांड्या धरल्या, हात कोपरापर्यंत लाल करून घेतले. तनय मधेच कसलं तरी विचारायला तोंड उघडायचा आणि बाईचं तोंड बघून मिटायचा.

दुसऱ्या दिवशी सकाळी नरसिंहराव आला. वाळलेली लडी त्यानं दारातल्या उन्हात धरली, शेजारी मागावरचा तुकडा. उलटी करून बघितली. पिळून बघितली. बोटांनी धागा ताणला. अजित नखं खात होता.

"हाच हाय," नरसिंहराव म्हणाला.

"मग? दुसरा कुठला असणार?"

त्यानं गठ्ठा बांधला, खांद्यावर टाकला आणि दारात जरा घुटमळला.

"अक्का, एक सांगतो. पुढच्या साड्यांचं हिरवं मी काल होसकोट्याला पाठवलं. मला काय ठाऊक तुमचं जमतंय का न्हाई. माग उपाशी ठेवता येत न्हाई."

"हिरवं बी?"

"हिरवं, मोरपंखी. त्यांचं बरं आलं तर तिकडंच राहील. लाल तुमच्याकडं. लाल त्यांना असा उठत न्हाई, ते मीच म्हणतो."

सकवारबाईनं हातातली दांडी भिंतीला टेकवली. मग म्हणाली, "सरी. लालाचं कच्चं पाठव शनिवारच्या आत."

तो गेला. तनय हळूच म्हणाला, "अक्का, हिरवं आमच्यामुळे गेलं ना?"

"तुमच्यामुळं, माझ्यामुळं, ह्यांच्या गप बसण्यामुळं. आता वाटून घेत बसायचं का ते? हिरवं एकट्यानं थोडंच गेलंय, ते जाणारच होतं. स्वल्प लवकर गेलं." तिनं पदर खोचला. "जा, ऑफिसला जा. आज तरी जा. अन् अजित, जाताना ती परवाची कौलारी लडी माझ्याकडं दे. वांगी करायची हाय ती. कोरडी न्हाई रे, भिजवून दे. भिजवून! बादलीत, टाकीत न्हवं!"

अजितनं लडी बादलीत दाबली. बाईनं काहिलीखाली दोन लाकडं सारली, वांगी रंगाची पुडी दातांनी फोडली आणि धुराला शिव्या घालत दांडी उचलली.